न फाडलेली पानं

नॉर्विचमधल्या मेणबत्तीवाल्या पेलची बायको डॉर्कस विणकराची लेक. अंगाला कायम मेणबत्त्यांच्या चरबीचा वास, त्यामुळे प्रार्थनेला बायका तिच्यापासून जरा सरकूनच बसायच्या. आईच्या मांडीवर ती बायबल वाचायला शिकली, आणि निजण्याआधी आज आपलं कुठं चुकलं हे देवासमोर आठवायची सवयही तिथलीच. त्यातूनच तिनं मुलींसाठी बोधाच्या गोष्टी लिहिल्या. लंडनच्या छापखान्यानं त्या छापल्या, लेखिकेचं नाव मात्र घातलं नाही. नवऱ्यालाही पत्ता नव्हता. बायको पुस्तकं लिहिते हे कळलं तर गिऱ्हाईक तुटेल, एवढं तिला समजत होतं.

पुस्तक गावात आलं आणि घरोघर संशय शिरला. त्यातली खोटारडी, नटवी प्रिसिला कुणाची? प्रत्येकीला ती आपलीच लेक वाटायची, पण बोट दाखवायची शेजारणीच्या लेकीकडे. लिहिणारी कोण यावर मात्र सगळ्यांचं एकमत झालं : शाळा चालवणारी मिस ऑर्म. एकटी राहते, बोटं शाईनं काळी, मुलींचं सगळं तिला माहीत. आया शाळेतून मुली काढून घेऊ लागल्या. आणखी महिनाभर असं चाललं तर शाळेला कुलूपच लागणार होतं.

गरिबांसाठी सदरे शिवायला बायका गावातल्या बड्या थर्स्बीबाईंकडे जमायच्या. एकीनं वाचायचं, बाकीच्यांनी शिवायचं. त्या दिवशी थर्स्बीबाईंनी मिस ऑर्मलाही मुद्दाम बोलावलं, पुस्तकाची कोरी, कडेला जोडलेली पानं अजून सुरीनं न फाडलेली प्रत आणवली आणि वाचायला डॉर्कसला बसवलं. बाकीच्यांना आधीच बजावलं होतं, "वाचणारीकडे नका बघू गं. मास्तरणीचे कान बघा, लाल होतात का ते."

मिस ऑर्म खाली मान घालून टाके घालत होती. तिच्याकडे बघवेना, म्हणून डॉर्कस खिडकीबाहेर बघत वाचत राहिली. "दुसरीवर आळ येत असताना जी गप्प बसते, तीही खोटंच बोलते."

थर्स्बीबाईंचा हात थांबला. पुढची पानं फाडून देण्यासाठी त्या हातात सुरी घेऊन शेजारीच बसल्या होत्या.

"डॉर्कस, ही पानं अजून कडेला जोडलेलीच आहेत. आतलं तुला दिसलं कसं?"

सुया थांबल्या. कुणीतरी तिची बाजू सावरत म्हणालं, अहो, दुसऱ्या कुणाच्या प्रतीत वाचलं असेल तिनं. डॉर्कसला नुसती मान हलवायची होती. पण आत्ताच म्हटलेलं ते वाक्य तिला तसं करू देईना.

"वाचलेलं नाही बाई," ती म्हणाली. "मीच लिहिलंय."

थर्स्बीबाईंनी सुरी तिच्यापुढे सरकवली. डॉर्कसनं पानं फाडली. वाक्य तिथंच होतं, शब्दन् शब्द तसाच.

"मग खरं सांग," थर्स्बीबाई म्हणाल्या, "प्रिसिला म्हणजे आमची लेक हेन्रिएटाच ना?"

"नाही बाई. ती मीच, लहानपणीची."

ते कुणालाच खरं वाटलं नाही.

शाळेत मुली परतल्या. थर्स्बीबाईंच्या मेणबत्त्या मात्र त्यानंतर दुसऱ्या दुकानातून येऊ लागल्या. कारण समजल्यावर पेल बायकोशी बरेच दिवस बोलला नाही. प्रार्थनेला बायका आता आणखी सरकून बसायच्या. लेकींना मात्र तिच्यासमोर नीट बसायला सांगायच्या, न जाणो पुढच्या पुस्तकात येतील. मिस ऑर्म तेवढी तिला चिकटून बसायची.