गेममधल्या पोरीची चौकशी

माझ्या बायकोच्या धाकट्या भावाइतका संशयी माणूस वर्धा जिल्ह्यात दुसरा सापडणार नाही, आणि सापडला तरी हा त्याच्यावर विश्वास ठेवणार नाही. सेलूच्या स्टँडवर वर्ध्याची गाडी लागली की हा पाटी वाचतो, मग कंडक्टरला विचारतो, मग खिडकीतल्या म्हातारीला. एकदा तेवढ्यात गाडी निघून गेली, तर घरी येऊन मलाच सांगू लागला की त्या गाडीचंच काही खरं दिसत नव्हतं. दूध हुंगल्याशिवाय हा चहा टाकू देत नाही. तरी मला हा माणूस फार आवडतो, हे आधीच सांगून टाकतो.

असा हा गडी मोबाईलवरच्या एका प्रेमाच्या गेममध्ये अडकला. चित्रातली मुलगी बोलते, खाली दोन उत्तरं येतात, आपण एक निवडलं की गोष्ट पुढे सरकते. पहिल्या भागात त्याने तिचं मन जिंकलं. दुसऱ्या भागात ती रोज संध्याकाळी न सांगता कुठेतरी जाऊ लागली आणि गेमने विचारलं, विश्वास ठेवायचा की मागोमाग जायचं? तिथे तो थांबला तो थांबलाच. आमच्याकडे सोयरीक जुळवण्याआधी चार ठिकाणी चौकशी करतात, तशी त्याने हिचीही सुरू केली. बायकोला विचारलं, मला विचारलं, पानठेल्यावर विचारलं. गेमचं नाव काढायचा नाही, नुसतं म्हणायचा, "पोरगी चांगली आहे, पण सांजच्याले न सांगता जाते. तुमाले काय वाटते?"

नेमकं त्याच दिवसांत देवळीचं स्थळ आलं. मुलगी शाळेत शिकवते. पाहण्याच्या दिवशी दोघं अंगणात बोलली आणि परतताना याने तिच्याबद्दल एकही शंका काढली नाही. तेव्हाच बायको म्हणाली, याचा जीव जडला. पण चौकशी करणारा काही हा एकटाच नव्हता. मुलीचे मामा सेलूला येऊन त्याच पानठेल्यावर उभे राहिले. पुढे मध्यस्थाकडून कळलं, की तिथे त्यांना सांगण्यात आलं, पोरगं सोन्यासारखं आहे, पण कुण्या पोरीत गुंतलंय आणि ती संध्याकाळी कुठे जाते हे गावभर विचारत फिरतंय.

मुलीने स्वतः फोन करून विचारलं. याने सगळं खरं सांगितलं. तिने ऐकून घेतलं, बरं म्हणाली, आणि दुसऱ्या दिवशी नकार आला.

मी देवळीला जाऊन समजावतो म्हटलं, तर त्याने मान हलवली. "राहू द्या, भाऊजी. तिच्या जागी मी असतो त मलेबी खरं नसतं वाटलं."

मग त्याने मोबाईल काढला आणि कुणालाही न विचारता 'विश्वास'वर बोट ठेवलं. तसा विश्वास कुणीतरी त्याच्यावरही ठेवायला हवा होता, असं वाटून मला फार वाईट वाटलं.