बशीर मास्तरचं मैदान

बशीर मास्तरचे किस्से म्हंजे कापसानं भरलेली गाडी. वरून एक बोंड ओढलं का मागं दहा घसरत येतात. मी चौथीतून शाळा सोडली, म्हून मला लिव्हायला फार येत न्हाई. पण बोलण्यात आजवर मला कोणी नापास केलं न्हाई, तवा ऐका.

आमचं गाव अंबडच्या वाटंवर. मास्तर शाळेत डिरील शिकवायचा, ती फक्त साहेब तपासणीला आला तर. बाकी सालभर हुतूतू. माझ्या चुलत्याला त्यानंच शिकवलं, अन् चुलत्याला आता टक्कल पडलं. मास्तरचा उजवा गुडघा वाकत न्हाई. तो रागात दखनी बोलतो अन् मायेत मराठी. म्हून आम्ही त्याची मराठी फार ऐकली न्हाई.

अन् मी सांगतो त्या टायमाला गावात एकच गोष्ट चालायची, मास्तर राह्यतो का जातो. जालन्याचे वर्दीवाले, संस्थानाचं राज टिकवायला निघालेले मुसलमान, म्हणायचे, आमच्यात या. गावातले म्हणायचे, तुमच्या लोकांत जा. मास्तर दोघांलाबी तेच सांगायचा, "मेरा मैदान इधर हय. मैदान उठा के किधर ले जाऊं?"

*

मास्तर गडी कसा निवडायचा ते आधी सांगतो. पळायला लावायचा न्हाई. पाटलाच्या विहिरीत बुडी मारायला लावायचा. जो लई टाइम खाली राह्यला, त्याचा दम चांगला, तो संघात.

माझी बारी आली. मी बुडी मारली अन् पाण्याखालूनच पायरीमागच्या कपारीत जाऊन बसलो. तिथं हवा बी व्हती अन् सावली बी. वर मास्तर "गंग्या, गंग्या" करून राह्यला. मंग धप्पकन आवाज आला. मास्तर कपड्यासकट, त्या लाकडासारख्या गुडघ्यासकट पाण्यात!

चार बुड्या मारल्या त्यानं. पाचवीला मी दिसलो, कपारीत पाय हलवत बसलेला.

मला वाटलं, आता हा मला खरंच बुडवतो. मास्तर पायरीला धरून धापा टाकत राह्यला. मंग म्हणला, "ले लो इसको. टीम में एक झूठा होना बिलकुल जरूरी हय."

*

आमचा खरा गडी सोपान. धनगराचा पोरगा, मेंढरामागं पळून पळून पाय असे झाल्ते का त्याला धरणं म्हंजे वारा धरणं. हसनाबादचा संघ आल्ता तवा त्यांचे पाच जण सोपानच्या अंगावर बसले, अन् हा खालून हात काढून रेघेला लावून मोकळा.

हसनाबादवाले मास्तरला म्हणले, "काय चारता हो याला?"

"गालियां," मास्तर म्हणला.

*

मंग पटकीचं साल आलं. आमच्या संघातला दत्तू गेला, त्याच्या मागं त्याचा भाऊ गेला. सकाळी खेळलेलं पोरगं दिवस मावळायच्या आत गार.

त्या महिन्यात आम्ही मैदानावर जायचो, पण खेळायचं कोणाला सुचायचं न्हाई. मास्तर बी नुसता चुना घेऊन रेघा वढायचा. वढलेल्याच परत वढायचा.

धाकटा पांडू, त्याला काय कळतंय, त्यानं विचारलं, "मास्तर, खेळात आपला गडी मेला का आपण समोरचा एक मारतो, मंग आपला उठतो. तसं दत्तूला न्हाई का उठवता येत?"

आम्ही त्याला चिमटा काढला. पण मास्तरनं सवाल नीट ऐकला. चुन्याचं घमेलं खाली ठेवलं अन् मराठीत म्हणला, "बाळा, त्याच्यासाठी समोर कोण हाय ते दिसावं लागतं."

*

वर्दीवाले आले ते पावसाळ्याच्या शेवटी. हे पोलीस बी न्हाईत अन् फौज बी न्हाई, पण खांद्यावर बंदूक हाय. त्यांचा म्होरक्या मास्तरला म्हणला, "हमारे जवानों को तैयार करो."

मास्तर "बराबर" म्हणला अन् त्यांना मैदानावर घेऊन गेला. आमची काळी माती वली असली का कशी असते ते तुम्हाला ठाऊक हाय. दोन फेऱ्यांत एकेकाच्या बुटाला ढेकळं चिकटून हत्तीचे पाय झाले. तीन जण आडवे. मास्तर म्हणला, "जूते उतारो." त्यांनी उतरवले.

खेळून परत येतात तर सगळे बूट कडूलिंबाच्या शेंड्याला, वांग्यावानी लटकलेले.

ते काम कोणाचं ते सगळ्या गावाला ठाऊक हाय, म्हून मी सांगत न्हाई.

म्होरक्यानं बंदूक काढली. "किसका काम हय?"

मास्तर म्हणला, "मेरा."

"तुम चढे? इस घुटने से?"

मास्तर लिंबाकडं गेला. चप्पल काढली. अन् चढला, आईशप्पथ. एक पाय दोरीवानी लोंबत ठेवून नुसत्या हातावर चढला अन् वरून एकेक बूट खाली टाकला. आम्ही हसत बी न्हवतो.

खाली उतरल्यावर म्होरक्यानं बंदुकीचा दस्ता त्याच्या चांगल्या गुडघ्यावर घातला.

आम्ही बाजेवर घालून घरी नेला. चाची, म्हंजे मास्तरची बायको, हळद लावून राह्यली अन् रडून राह्यली. मास्तर तिला म्हणला, "रोती कायकू? अब दोनों बराबर हो गए."

*

त्या रातीपासून सोपान गावात दिसला न्हाई. संस्थानाच्या हद्दीपल्याड वऱ्हाडात वर्दीवाल्यांशी लढणाऱ्या पोरांचे कॅम्प व्हते, तिकडं गेल्ता. तिथून येऊन सरकारचे जकातीचे नाके जाळायचे अन् परत पळायचं, असं काम.

एका नाक्यावर वर्दीवाल्यांनी त्याला गोळी घातली.

गावात कोणीतरी मास्तरच्या दारात येऊन बोललं, "तुमच्याच लोकांनी मारला." मास्तरनं काठी घेतली अन् खुरडत सोपानच्या बापाकडं गेला. मी मागं व्हतो. म्हातारा म्हाळू मेंढरं बसवून उभा व्हता. त्यानं मास्तरला बसायला घोंगडी टाकली.

मंग म्हाळू म्हणला, "मास्तर, तुम्ही इतकी सालं त्याला पळायला शिकवलं."

"हां."

"कमी पडलं."

मास्तर घोंगडीवरून उठला तवा त्याला आम्ही दोघांनी दोन्हीकडून धरलं.

*

आता शेवटचा.

हिंदुस्थानची फौज आली. वर्दीवाले वर्दी नाल्यात टाकून पळाले. सापडले न्हाईत ते सापडलेच न्हाईत. मंग लोकांनी जे मुसलमान सापडले त्यांनाच धरलं. शेजारच्या गावातून धूर निघायला लागला. आमच्या गावातली मुसलमानांची घरं गाडीत सामान टाकून जालन्याला गेली. मास्तरला सगळ्यांनी सांगितलं, चला. तो मैदानाचंच सांगत बसला.

सकाळीच माणसं जमली. बाहेरची बी अन् आमची बी. कुऱ्हाडी, काठ्या. माझा बाप त्यांच्यात व्हता. सगळे मास्तरच्या घराकडं निघाले, तवा शिट्टी वाजली. मैदानावरून.

शिट्टी वाजली का आमचे पाय आपोआप चालतात. घराघरातून पोरं निघाली. मैदानावर मास्तर उभा, चाची मधोमध चटईवर बसलेली. भवताली ताज्या चुन्याची रेघ.

आमच्या गावात एक रीत हाय. खेळ चालू असला का रेघेच्या आत कोणी पाय टाकत न्हाई. बैल घुसला तर धनी बाहेरूनच हाका मारतो, आत येत न्हाई. माझ्या आज्याच्या टायमापासून हाय.

"शुरू," मास्तर म्हणला.

आम्ही खेळायला लागलो. माणसं येऊन रेघेच्या बाहेर उभी राह्यली. कोणी शिव्या देऊन राह्यलं, पण पाय कोणी टाकला न्हाई. आम्ही गडी बाद झाला तरी बाहेर जाऊ देत न्हवतो, खेळ संपू देत न्हवतो. ऊन डोक्यावर आलं. पांडू चक्कर येऊन पडला, त्याला चाचीनं मांडीवर घेतला.

माझा बाप म्हणला, "गंग्या, भाईर ये."

मी म्हणलो, "खेळ चालू हाय, नाना."

मंग गर्दी फाकली. म्हाळू आला. खांद्यावर कुऱ्हाड, मेंढरांसाठी डहाळ्या तोडायची. सगळे त्याला वाट द्यायला लागले. बाहेरगावचा एक जण म्हणला, "पयला मान याचा. याचं पोरगं गेलंय."

मास्तरनं शिट्टी तोंडातून काढली. आम्ही थांबलो.

म्हाळूनं कुऱ्हाड रेघेच्या बाहेर ठेवली. वहाणा काढल्या. आत पाय टाकला अन् मास्तरसमोर जाऊन उभा राह्यला.

"मास्तर," तो म्हणला, "सोपान कुठं उभा राह्यचा?"

मास्तरनं हातानं उजवा कोपरा दाखवला.

म्हातारा तिथं गेला. धोतराचा काचा मारला, गर्दीकडं तोंड केलं अन् गुडघ्यावर हात ठेवून वाकला.

"हं," म्हणला, "येऊ द्या."