सदऱ्याची सक्ती

२०२३ साल. मला एकाहत्तरावं लागलेलं. मुलाकडे कुवेतला, अबू हलीफात राहायला गेलो होतो. समुद्र जवळच, मी रोज सकाळी जायचो, पण गुडघ्याच्या पुढे पाण्यात गेलो नाही. माझ्या पाठीवर कोड आहे. चाळीस वर्षं मी कुणासमोर सदरा काढला नव्हता, आणि मी एकदा ठरवलं की ठरवलं.

तिथे रत्नागिरीकडचा एक आचारी यायचा. नाव मी कधी विचारलं नाही. अर्ध्या चड्डीत पाण्यात शिरायचा आणि ढोलासारखं पोट थोपटायचा. त्या पोटावर उकळतं तेल सांडल्याचा पंजाएवढा डाग होता. कुणी टक लावून बघितलं की हा आपणहून सांगायचा, "एका बाजूनं करपलीय, पण भाकरी चांगली हाय!"

एकदा मला म्हणाला, "काका, सदऱ्यात सोनं लपवलंय काय?"

"कोड आहे," मी म्हटलं. परक्या माणसाला पहिल्यांदाच सांगितलं.

"मग? काही देशांत लोक समुद्रावर सगळंच काढून बसतात. इथे ती सोय नाय, चड्डी पायजेच. पण सदऱ्याची सक्ती कुणी केली तुमच्यावर?"

"मीच केली," म्हटलं, आणि माझं मलाच हसू फुटलं. तोही इतका हसला की त्याचं पोट पाण्यावर नाचायला लागलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी सदरा काढून मुलाच्या हातात दिला आणि गळ्याइतक्या पाण्यात जाऊन आलो. मुलगा मोबाईल धरून उभा होता. "बाबा, फोटो काढू?"

मी त्याच्याकडे पाठ केली. म्हटलं, "असा काढ. गावी पाठवायचाय."