आधी वस्तू, मग शाल

भंडाऱ्यात यादोरावांचं पितळी भांड्यांचं दुकान होतं, हे खरं. पण यादोराव दुकानदार होते, हे म्हणणं धाडसाचं होईल. दुकान वडिलांनी काढलेलं आणि चालवत होत्या त्यांच्या पत्नी शोभाताई. गुंडी, गंज, पराती यांचे भाव त्यांनाच ठाऊक. यादोराव गल्ल्यावर बसले की गिऱ्हाईक खुशीत यायचं, कारण यादोरावांना घासाघीस जमत नसे. त्यांना एकच गोष्ट जमायची, ती म्हणजे सत्कार करणं.

कुणी चांगलं काही केलं असं कानावर आलं, की यादोरावांना अन्न गोड लागायचं नाही. सायकल काढायची, त्या माणसाचं घर गाठायचं आणि तारीख ठरवूनच परतायचं. शोभाताई म्हणायच्या, "दुनियेचा सत्कार करून राहिले, तुमचा कोन करीन?" त्यावर ते म्हणायचे, "मी काय केलं बाई? भांडे विकले, तेही तूच."

त्यांच्या सत्काराची एक रीत होती आणि ती साऱ्या जिल्ह्याला माहीत होती. एकाहत्तर साली जागेश्वर नावाच्या शेतकऱ्याला धानाच्या उत्पन्नाबद्दल बक्षीस मिळालं, तेव्हा यादोरावांनी पहिला सत्कार ठेवला. पाहुण्यांनी जे भाषण सुरू केलं ते काही केल्या थांबेना. शेवटी मागून कुणीतरी ओरडलं, "अरे, धान त दाखवा!" सभा हसली, यादोराव मात्र हसले नाहीत. त्यांनी जागेश्वराच्या घरून लोंब्यांची पेंढी मागवली आणि पहिल्या रांगेत दिली. ती हातोहात फिरली. लोकांनी दाणे दाताखाली धरून पाहिले, माना डोलावल्या, आणि मगच जागेश्वराच्या खांद्यावर शाल पडली. त्या दिवसापासून यादोरावांचा कायदा झाला: आधी वस्तू, मग शाल. ज्या कामाबद्दल सत्कार, ते काम लोकांच्या हातातून फिरलं पाहिजे.

हा कायदा पाळताना त्यांनी काय काय उपद्व्याप केले ते विचारू नका. कधीच अपघात न केलेल्या भैय्यालाल ड्रायव्हरच्या सत्काराला त्यांनी एसटीच मांडवाशी उभी करवली आणि प्रत्येकाला आत बसवून उतरवलं. ताराबाई सुईणीच्या वेळी तिच्या हातून जन्मलेली तान्ही पोरं रांगेतून फिरवली. त्यातल्या एकानं प्रमुख पाहुण्यांच्या पांढऱ्याशुभ्र धोतरावर आपलं मत नोंदवलं. पाहुणे रागावले. यादोराव म्हणाले, "साहेब, याहून मोठा पुरावा काय पाहिजे?"

माणूस असा. भोळा म्हणावा तर भोळा, हट्टी म्हणावा तर महाहट्टी. त्यांच्यावर चिडून फार वेळ राहता यायचं नाही, हीच त्यांच्याबद्दलची मोठी अडचण होती.

पंच्याऐंशी साली त्यांच्या या कायद्याची कसोटी लागली. नागपूरच्या पेपरात बातमी आली की आंधळगावच्या खेमराजला दिल्लीच्या कुठल्याशा विद्वान मंडळाचा पुरस्कार मिळाला. सैद्धांतिक आणि संगणकीय रसायनशास्त्र, असा विषय होता. वर्षातून एकालाच मिळणारा पुरस्कार, आणि तो कोसा रेशीम विणणाऱ्या तुलारामच्या पोराला! यादोरावांनी बातमी पुन्हा पुन्हा वाचली. विषयाचं नाव त्यांना धड उच्चारता आलं नाही, पण त्यानं त्यांचं काही अडलं नाही. त्यांनी सायकल काढली.

तुलाराम वारून काही वर्षं झाली होती. त्याची बायको धुरपताबाई ओसरीत मागावर बसली होती. सत्काराचं नाव काढताच तिचा धोटा थांबला, पण चेहऱ्यावर काही आनंद दिसला नाही.

"भाऊ, तुमच्या सत्कारात चीज दाखवता म्हणते लोक. खरं हाये का?"

"खरं हाय बाई. दाखवल्याशिवाय शाल नाही."

"मंग आयका," ती म्हणाली. "येकच पोरगं आमचं. बापानं म्हटलं मागावर बस, त शिकाले गेलं. बाप मरेपर्यंत इचारत होता, पोरगं तिकडं करते काय? मले सांगता नाही आलं. पोराले इचारलं त तो जे सांगे ते मले समजे नाही. त्याचा बाप तसाच गेला." तिनं धोटा बाजूला ठेवला. "त्यानं काय केलं ते मले दाखवा. हातात द्या माह्या. नाही दिसलं त शाल घालू नोका. फुकटची शाल नाही पाहिजे माह्या पोराले."

यादोरावांनी तिथल्या तिथे शब्द दिला. त्यांना वाटलं, रसायनशास्त्र आहे, म्हणजे बाटल्या असतील, नळ्या असतील, एखादं औषध असेल. आणि हे काही त्यांचं एकट्याचं अज्ञान नव्हतं. आंधळगावात रसायन म्हणजे युरिया किंवा फवारणीचा डबा, एवढंच लोक जाणत होते.

सत्काराच्या दोन दिवस आधी खेमराज गावी आला, तसे यादोराव त्याला जाऊन भेटले. चाळिशीचा, चष्मेवाला, हळू बोलणारा माणूस. यादोरावांनी सरळच विचारलं, "तुम्ही बनवता काय?"

"काहीच बनवत नाही, काका. एखादा रेणू बनायच्या आधीच तो कसा वाकेल, कुठे तुटेल, ते गणितानं काढतो."

"म्हणजे ज्योतिष?"

"तसंच समजा. फक्त आमचं चुकलं तर लोक पकडून विचारतात."

"बरं, पन नळ्या? बत्ती?"

"शेवटची नळी मी कॉलेजात फोडली, तेव्हापासून सरांनी मला नळ्यांपासून लांबच ठेवलं." खेमराज हसला. "मी कागदावर मांडतो. लांबलचक आकडेमोड मुंबईच्या कॉम्प्युटरवर करवून घेतो. हे बघा."

त्यानं कागदांचा गठ्ठा पुढे केला. यादोरावांनी तो उघडला आणि मिटला. आकडे, अक्षरं आणि वाकडीतिकडी चिन्हं, मुंग्यांचं वारूळ फुटल्यासारखी. हे फिरवलं तर लोक यात चिवडा बांधून घरी नेतील, असं त्यांच्या मनात आलं, आणि धुरपताबाईंचा चेहरा डोळ्यांसमोर आला. ती कागद हातात घेईल, उलटसुलट करेल आणि म्हणेल, दिसलं नाही. मग भर सभेत, पोटच्या पोराला, तिच्याच तोंडून शाल नाकारली जाईल. हा सत्कार होता की शिक्षा?

तेव्हा यादोरावांनी आयुष्यात कधी न केलेली गोष्ट केली. भंडाऱ्याच्या ओळखीच्या एका प्राध्यापकाकडून काचेची तीन चंबूपात्रं मागून आणली. घरी येऊन एकात मोरचूद विरघळवला, दुसऱ्यात विहिरीत टाकायची लाल दवा, आणि तिसऱ्यासाठी काही सुचेना म्हणून हळद. या खटाटोपात शोभाताईंची चांगली पितळी वाटी कायमची डागाळली.

"हे कायचं सोंग?" शोभाताईंनी विचारलं.

"सोंग नाही. रसायन हाय."

"माह्या डब्यातली हळद रसायन कवापासून झाली?"

यादोरावांनी पात्रं पोत्यात गुंडाळली.

शाळेच्या पटांगणात मांडव पडला. अर्धं आंधळगाव लोटलं. काही शेतकरी तर करपलेल्या धानाची रोपं घेऊन आले होते, शास्त्रज्ञ येतोय तर दवा विचारून घेऊ म्हणून. टेबलावर निळं, गुलाबी, पिवळं पाणी उन्हात चमकत होतं आणि पोरं बोटं दाखवत होती. खेमराजनं मंचावर येताच ते पाहिलं. मग यादोरावांकडे पाहिलं. यादोरावांनी नजर चुकवली.

नमनाला घडाभर तेल न घालता यादोराव माईकवर म्हणाले, "आधी वस्तू, मग शाल," आणि निळं पात्र उचलून पहिल्या रांगेत धुरपताबाईंच्या हातात दिलं.

तिनं ते पदरानं धरलं. पुढे दिलं नाही. उठली, तशीच मंचाच्या पायऱ्या चढली आणि पोरासमोर उभी राहिली. माईक चालू होता.

"खेमा, हे तू केलं?"

खेमराजला हो म्हणता आलं असतं. एक शब्द, आणि सारं साजरं झालं असतं. यादोराव हात जोडल्यासारखे त्याच्याकडे बघत होते. पण आईनं डोळ्याला डोळा भिडवून विचारलं होतं.

"नाही माय. हे माझं नाही."

धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं यादोरावांना झालं. पण धरणी अशा वेळी कधी कामाला येत नाही. ते पुढे झाले, धुरपताबाईंच्या हातातलं पात्र घेतलं, टेबलावरची दोन घेतली आणि तिन्ही खाली ठेवली.

"बाई, ते मी ठेवलं," ते म्हणाले. "तुमचा पोरगा काय करते, ते मलेच समजलं नाही." आणि त्यांनी खांद्यावर तयार ठेवलेली शालीची घडी उतरवून ताटात ठेवली.

धुरपताबाई पोराकडेच बघत होती. "मंग तू करतं काय रे दिवसभर?"

"लिहितो, माय."

"रोज?"

"रोज. एकेका गणिताला वर्षं जातात."

"अन् चुकलं त?"

"पुन्हा पहिल्यापासून."

तिनं त्याचा उजवा हात ओढून घेतला आणि उलटा केला. विणकराच्या घरची बाई, माणूस ओळखायचा तर आधी तळवा बघायची सवय. तळवा मऊ होता, बाबू लोकांसारखा. तिचा चेहरा पडला. आता ही हात सोडून खाली उतरणार, असं यादोरावांना वाटलं. पण तिचा अंगठा त्याच्या मधल्या बोटावर अडला. नखाशेजारी, आतल्या बाजूला, चिंचोक्याएवढा घट्टा होता. टणक, पिवळा पडलेला, शाईनं कायमचा निळसर.

"हे काय?"

"पेन टेकतो ना तिथे."

तिनं नख रुतवून पाहिलं. "दुखत नाही?"

"आता नाही दुखत."

धुरपताबाईंच्या स्वतःच्या हाताला माग ओढून घट्टे पडलेले होते. न दुखणारा घट्टा एकदोन वर्षांत होत नाही, हे तिला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. तिनं त्या बोटालाच धरून पोराला पायऱ्यांवरून खाली आणलं, पहिल्या रांगेतल्या बाईसमोर उभं केलं आणि म्हणाली, "पाहा. हात लावून पाहा."

बाईनं हात लावून पाहिला. मग तिच्या शेजारणीनं. दिल्लीचा पुरस्कार घेतलेला माणूस लाजून लालबुंद होऊन रांगेरांगेतून फिरत होता, एक बोट पुढे करून, आणि आई त्याला पुढे पुढे नेत होती. शेतकऱ्यांनी धानाची रोपं काखेत धरून बोट चाचपलं. म्हाताऱ्या विणकरांनी तर कोशाचा धागा पारखावा तसं दोन बोटांत धरून दाबून पाहिलं. एक जण म्हणाला, "हाव बा, पक्का हाये." मागच्या रांगेतले लोक उभे राहिले, ते बोट आपल्यापर्यंत येतं की नाही म्हणून. कुणी हसलं नाही.

सगळा मांडव फिरून झाल्यावर धुरपताबाई पोराला घेऊन परत वर आली. यादोराव टेबलापाशी तसेच उभे होते. ती त्यांना म्हणाली, "दिसलं भाऊ. आता घाला शाल."

यादोरावांनी शाल उचलली. डोळ्यांत पाणी भरल्यानं त्यांनी ती उलटीच घातली, आणि धुरपताबाईंनी पोराच्या खांद्यावरून काढून ती सुलटी केली.