अपिलासाठी आलेली भांडी

नोकरीतल्या पुष्कळ गोष्टी आता पुसट झाल्या आहेत. तंजावूरच्या ठाण्यात जमिनीवर मांडलेली ती पितळी भांडी मात्र डोळ्यांपुढून हलत नाहीत. इंग्रजी अंमल होता आणि मी सब-इन्स्पेक्टर होतो.

खबर एका भांड्यांच्या व्यापाऱ्याने दिली. पापनाशमकडचा एक माणूस गाडीभर हंडे, घंगाळी आणि समया विकायला आला होता. लग्नकार्यात भांड्यांची अदलाबदल होऊ नये म्हणून आमच्या भागात घरोघरी भांड्यांवर मालकाचे नाव कोरून घेतात. या गाडीतल्या भांड्यांवर नाना घरांची नावे होती. चोरीचा संशय घेऊन आम्ही माणूस व माल ताब्यात घेतला आणि पंचनामा केला.

तो पानमळेवाला होता. सरकारी कालव्याचे पाणी परवानगीवाचून घेतल्याबद्दल तहसीलदाराने त्याला जबर दंड केला होता. आजोबांच्या वेळेपासून पाणी त्याच पाटाने येते, असे त्याचे म्हणणे होते. ते अपिलात मांडायचे, तर दंडाची संपूर्ण रक्कम आधी भरणे भाग होते. मुदत दुसऱ्या दिवशी कचेरी बंद होताना संपत होती. त्यानंतर मळ्याचा लिलाव.

"भांडी कुणाची?" मी विचारले.

"माझ्यावर विश्वास ठेवणाऱ्यांची, अय्या."

"त्यांची नावे सांग."

"मी नाही सांगणार."

हेड कॉन्स्टेबल उसळला, "सासुरवाडीला आलायस काय रे, असे रुसून बसायला?"

"सासुरवाडीत एवढा वेळ उभे करत नाहीत, एट्टय्या," त्याने हेड कॉन्स्टेबलला ऐकवले.

चोर खोटी नावे भराभर सांगतो, असा माझा अनुभव होता. हा तर भांड्यांवर कोरलेली नावेही उच्चारायला तयार नव्हता.

दुपारच्या गाडीने मी पापनाशमला उतरलो आणि त्याच्या आळीत गेलो. पहिल्या घरी विचारले, "घरचा हंडा कुठे आहे?"

"कल्हईला दिलाय."

दुसऱ्या घरीही कल्हई, तिसऱ्या घरीही कल्हई. चौथ्या घरी एक म्हातारी दारात बसली होती. तिच्या देवापुढे मातीची पणती दिसली.

"पाट्टी, समई कुठे?"

"कल्हईला."

"समईला कल्हई कोण करतो, पाट्टी?"

तिने पणतीकडे वळून पाहिले. मग म्हणाली, "चोरी नाही. आम्हीच दिली."

"मग तसा जबाब द्या. त्याशिवाय माल सुटत नाही."

"आणि उद्या तहसीलदार आमच्या दारात! त्याच पाटाचे पाणी आम्हीही घेतो. त्याचे अपील ऐकले गेले तर आम्ही वाचू. आमची नावे आधी फुटली तर सगळे बुडू."

मी म्हणालो, "भांडे तुमचे आणि ते राजीखुशीने दिले, एवढेच मला लिहायचे आहे. का दिले, पाणी कुठले घेता, हे मी विचारणार नाही."

"तुझा शब्द किती दिवस टिकेल, तंबी?"

"मी या ठाण्यात आहे तोवर."

"मग बदली मागू नकोस," असे म्हणून तिने अंगठा पुढे केला. तिच्यामागून एकेक घर पुढे आले.

सकाळी मॅजिस्ट्रेटनी जबाब पाहून माणूस व माल सोडला. भांडी विकून तो माझ्याबरोबर तहसील कचेरीत पोचला, तेव्हा कारकून पेटीला कुलूप लावत होता.

"उद्या ये."

"उद्या मला अपील उरत नाही, सामी."

कारकुनाने माझ्या गणवेशाकडे पाहिले आणि कुरकुरत कुलूप काढले.

पुढे, रक्कम भरली गेली तरी इतरांवर ही पाळी येऊ नये म्हणून, त्याच्या वकिलाने ती आधी भरण्याची अटच न्यायालयात नेली. अट घालण्याचा अधिकार न्यायाधीशांनी मान्य केला. परंतु नियमात रोख रकमेऐवजी तारण देण्याची सोय असताना, अर्जदाराची ऐपत न पाहता ती नाकारणे म्हणजे कायद्याने दिलेला अपिलाचा हक्क काढून घेणे होय, असे त्यांनी लिहिले. यथावकाश अपील ऐकले गेले, जुना पाट सिद्ध झाला आणि दंड रद्द झाला. आळीतल्या कुणालाही नोटीस आली नाही.

तोवर संशयिताकडे अचानक पैसा दिसला की तो कुठून आणला, एवढेच मी विचारीत असे. त्यानंतर तो कशासाठी हवा आहे, हे आधी विचारू लागलो. पुष्कळदा 'कुठून आणला' हा दुसरा प्रश्न विचारण्याची वेळच आली नाही.