हरसूलच्या भिंतीवरची बाई

माहितीपटांसाठी जुने फोटो आणि चित्रफिती शोधून देण्याचं काम मी नाशकात राहून तीसेक वर्षं केलं. बंद पडलेले स्टुडिओ, लग्नाचे अल्बम, माळ्यावरच्या पत्र्याच्या पेट्या. पडद्यावर चार सेकंद दिसणाऱ्या चेहऱ्यासाठी चार दिवस एसटीने हिंडायचो आणि त्यात सुखही होतं. एकदाच खोटं बोललो, ते आता लिहून ठेवतो.

डोंगरातल्या मजूर बायकांवर माहितीपट होत होता. हरसूलजवळच्या एका बाईने पूर्ण मजुरीसाठी ठेकेदाराचा ट्रक अडवला होता. ती तरुणपणीच गेली. तिचा फोटो कुठेच मिळेना आणि संकलन तर संपत आलेलं. माझ्याकडे हरसूलच्या बाजारातला एक जुना फोटो होता. डोक्यावर पाटी घेतलेली अनोळखी बाई, कॅमेऱ्याकडे रोखून बघणारी. दिग्दर्शिकेने विचारलं, "हीच ना, काका?"

"हीच," मी म्हणालो.

यंदा त्या दिग्दर्शिकेचाच फोन आला. "काका, त्या बाईच्या मुलीने फिल्ममधला फोटो फ्रेम करून लावलाय. रोज हार घालते. तुमच्यामुळे तिला आई दिसली."

दुसऱ्याच दिवशी मी हरसूलला गेलो. मुलगी म्हणजे साठीची बाई. तिने कोरा चहा पुढे ठेवला. "शिनेमावाले भाऊ, मी अंगावर पीत व्हते तवाच आय गेली. तोंड पाह्यलं नव्हतं तिचं."

मी सगळं सांगितलं. ती भिंतीवरच्या फोटोकडे वळली.

"मंग ही कोण?"

"माहीत नाही, ताई."

"आन माझी आय?"

"तिचा फोटो मिळालाच नाही. मी खोटं बोललो."

"तीन वर्सं हिच्याशी बोलते मी," ती म्हणाली. "सुनेच्या किती कागाळ्या सांगितल्या. परक्या बाईला सांगितल्या व्हय सगळ्या?" तिला हसू आलं, मग डोळ्यांना पदर लावला. मला वाटलं, आता ती मला जायला सांगेल.

तिने फ्रेम खाली काढली, हार उतरवून बाजूला ठेवला, काच पुसली. "हिच्या घरचे बी शोधत असतील. त्यांच्याकडं तरी कुठं फोटू असंल?"

मी म्हणालो, "दिग्दर्शिकेला आजच कळवतो. फिल्ममध्ये या फोटोखालचं नाव काढायला सांगतो."

"ते करा. पण आधी उठा. आज बाजार हाय, म्हाताऱ्या आल्या असतील. खोटं तुम्ही बोललात, तर विचारायचं बी तुम्हीच."

बाजारात नागलीची पोती मांडून एक फार म्हातारी बाई बसली होती. मी फ्रेम पुढे धरून नुसताच उभा राहिलो. शेवटी माझ्याबरोबर आलेली ताईच खाली बसली आणि म्हातारीला म्हणाली, "आजी, नीट बघून सांग, ही कोणाची हाय? माझी नाय."