पुडीवरचं तोंड

बायको गेली त्याला वर्ष व्हायचं होतं. ती येसर करून विकायची. धान्यं, मसाले भाजून दळलेलं पीठ, आमटीत घालायचं. तिच्यामागं सून ते करू लागली आणि पोराच्या डोक्यात आलं की याचा ब्रँड करायचा. त्यानं सिडकोतून एक पोरगी आणली. पुडीवरचं चित्र, रंग, अक्षरं ती ठरवणार होती.

तिनं मला समोर बसवलं. "आजोबा, आजी प्राणी असत्या तर कोणता असत्या?"

"म्हस."

"का?"

"मनात आलं तरच उठायची."

तिनं ते लिहून घेतलं. पुढच्या खेपेला कागदी पुडीचा नमुना आणला, त्यावर नथ घातलेली म्हस हसत होती.

सून म्हणाली, "आबा, लोक पेंड समजून नेतील."

मग आजीचाच चेहरा टाकायचं ठरलं. घरात तिचा एकच फोटो, हार घातलेला. पोरीनं कॉम्प्युटरवर हार काढला, तिला गोरी केली, फोटोत कधी हसली नव्हती ती हसवली.

"आई आता घराघरात जाईल," पोरगा म्हणाला.

मी पुडी हातात घेतली. कापायची तुटक रेघ बरोबर तिच्या कुंकवावरून गेली होती.

"कापल्यावर?" मी विचारलं.

"पीठ काढायचं."

"आन् तिचं काय करायचं?"

शहागंजात बाजार उठल्यावर नालीत काय काय पडलेलं असतं ते मी पाहिलंय. तिथं मला ती दिसायला नको होती.

"रेघ खाली घेऊ," पोरगी म्हणाली.

"म्हंजी गळा कापायचा."

"पण आजोबा, कुणाचं तरी तोंड पाहिजेच. लोकांना माणूस लागतो."

"मग माझं टाक. मी जिता हाय, मला फाडलं तरी चालतंय."

पोरीला ते लई पसंत पडलं. हसा म्हणाली. मी हसलो नाय. बायको असती तर म्हणाली असती, यानं पीठ खपायचं नाय, उंदरं मात्र पळतील. ज्यानं जन्मात मूठभर येसर भाजलं नाय त्याचं मिशीवालं थोबाड पुडीवर आलं. खाली छापलं, 'आजीच्या हातचं'.

परवा शहागंजात एक बाई पुडी निरखून दुकानदाराला म्हणाली, "ही आजी लई तापट दिसती वो."

"पण पीठ चांगलंय," तो म्हणाला.

नालीकडं गेलो. तिथं मी दोन-तीन जागी पडलो होतो. एका जागी बकरी माझा कान चघळत होती. मी उभा राहून पाहिलं. तिला हाकललं नाय.